‘धुक्यातला योझिक’ आणि नदीतलं ते ‘कुणीतरी’: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जुने ॲनिमेशनपट मुलांना आणि मोठ्यांना दाखवायला लागल्यापासून एका चित्रपटाबद्दल सगळ्यात जास्त प्रश्न येतात. चित्रपट जेमतेम दहा मिनिटांचा, पण बघून झाल्यावर बोलणं तासभर चालतं. बहुतेक प्रश्न शेवटी एकाच ठिकाणी येऊन थांबतात: नदीत योझिकला वाचवणारं ते कोण होतं? म्हणून ही उत्तरं एकत्र लिहून ठेवली आहेत. चित्रपट अजून बघितला नसेल तर आधी तो बघा, मग इकडे या.

हा चित्रपट कोणता, कधीचा?

‘धुक्यातला योझिक’, 1975. मॉस्कोच्या सोयूझमुल्तफिल्म या स्टुडिओत तयार झालेला सोव्हिएत ॲनिमेशनपट. दिग्दर्शक युरी नॉर्श्टेयन. मूळ गोष्ट आणि पटकथा सेर्गेई कोझलोव्ह यांची.

गोष्ट काय आहे?

योझिक नावाचा छोटा हेजहॉग रोज संध्याकाळी आपल्या मित्राकडे, अस्वलाच्या पिल्लाकडे जातो. दोघं ओंडक्यावर बसून चहा पितात आणि तारे मोजतात. धुराड्याच्या एका बाजूचे तारे एकाचे, दुसऱ्या बाजूचे दुसऱ्याचे, अशी वाटणीसुद्धा झालेली आहे. आज योझिक रासबेरीचा मुरंबा रुमालात बांधून निघालाय. वाटेत टेकाडावरून त्याला खाली धुक्यात उभी असलेली एक पांढरी घोडी दिसते. त्याच्या मनात येतं, ही घोडी झोपायला आडवी झाली तर धुक्यात गुदमरेल का? आणि धुक्याच्या आत कसं असतं ते बघायला तो हळूहळू उतरायला लागतो.

पुढे सगळं धुक्यातच घडतं. स्वतःचे पायसुद्धा दिसेनासे होतात. एक पान पडतं, तेही मोठ्या घटनेसारखं वाटतं. हत्तीएवढा काहीतरी आकार शेजारून निघून जातो. वटवाघळं झेपावतात. एक अवाढव्य झाड अचानक समोर उभं राहतं आणि त्या झाडापाशी योझिकच्या ध्यानात येतं, की मुरंब्याचं गाठोडं हातात नाही. काजव्याच्या उजेडात शोधाशोध होते. शेवटी एक कुत्रा कुठून तरी येतो आणि गाठोडं आणून देतो. लांबून मित्राच्या हाका ऐकू येतात, योझिक धावत सुटतो आणि नदीत पडतो. तिथे ‘कुणीतरी’ त्याला पाठीवर घेऊन काठाला लावतं.

मग मित्राचं अंगण. अस्वलाचं पिल्लू काळजीनं नुसतं बडबडत सुटतं: किती हाका मारल्या, समोवार (चहाचं पाणी तापवायचं रशियन भांडं) तापवून ठेवला, वेताची खुर्ची पुढे ओढली, जुनिपरच्या काटक्या आणल्या, आणि तू नसलास तर तारे कोण मोजणार? योझिक शेजारी बसलेला असतो खरा, पण त्याचं मन घोडीपाशी असतं. ती तिकडे धुक्यात कशी असेल?

हेजहॉग म्हणजे साळिंदर का?

नाही. साळिंदर उंदराच्या कुळातलं, अंगानं मोठं, काटे लांबलचक. हेजहॉग ओंजळीत मावेल एवढा, आखूड काट्यांचा, प्रामुख्यानं किडे खाणारा. राजस्थान-गुजरातच्या कोरड्या भागात त्याचे भाईबंद आहेत. मुलांना सांगताना सरळ ‘योझिक’ म्हणावं, दोन मिनिटांत ते नाव तोंडात बसतं.

नदीतलं ते ‘कुणीतरी’ नक्की कोण आहे?

चित्रपट ते सांगत नाही. आणि विसरून गेल्यामुळे राहिलं असंही नाही. निवेदक त्याला ‘कुणीतरी’ एवढंच म्हणतो, आणि मूळ गोष्टीतही त्याला हेच नाव आहे.

हा प्रसंग नीट बघा. योझिक पाण्यात उताणा पडलाय. तो हातपाय मारत नाही. नदीच मला वाहून नेऊ दे, असं ठरवून तो आकाशाकडे बघत शांत वाहत राहतो. इतक्यात त्याच्या मागच्या पायाला काहीतरी लागतं. कुणीतरी त्याला विचारतं, माफ करा, आपण कोण आणि इथे कसे आलात? निवेदक म्हणतो की हे बोलणं ‘आवाज न करता’ झालं. योझिक सांगतो, मी योझिक, मी नदीत पडलोय. त्यावर उत्तर येतं, मग माझ्या पाठीवर बसा, मी काठापर्यंत नेतो. काठावर पोचल्यावर योझिक आभार मानतो, समोरून त्यात काय एवढं असं उत्तर येतं आणि प्रसंग संपतो.

किती कमी बोलणं आहे! बुडणारा जीव आणि वाचवणारा जीव, दोघंही अनोळखी, दोघंही एकमेकांशी अदबीनं बोलतात. वाचवणारा नाव सांगत नाही, बदल्यात काही मागत नाही, पुढच्या प्रसंगात पुन्हा येत नाही. योझिकसुद्धा मागे वळून ‘तू कोण?’ असं विचारत नाही. मला या चित्रपटातलं सगळ्यात धीट पाऊल हेच वाटतं. दहा मिनिटांच्या चित्रपटात सर्वांत महत्त्वाची मदत करणाऱ्या पात्राला चेहरा न देता सोडून द्यायचं, याला प्रेक्षकांवर, त्यातही लहान प्रेक्षकांवर, मोठा विश्वास लागतो.

पण पाण्यात माशासारखं काहीतरी दिसतं की! मग तो मासाच ना?

पाण्याखाली एक काळसर, माशासारखी पाठ दिसते हे खरं. त्यामुळे ‘मासा’ म्हणणाऱ्यांना चूक कसं म्हणणार? पण चित्रपट त्याला मासा म्हणत नाही. कुत्रा कुत्र्यासारखा दिसतो, घुबड घुबडासारखं, घोडी घोडीसारखी. या एकाच जिवाला मुद्दाम नावाशिवाय ठेवलंय. मुलांना विचारलं तर उत्तरं भराभर येतात: मगर, देवमासा, नदी स्वतःच, कुणाचे तरी आजोबा. यातलं कुठलंही उत्तर खोडून काढू नये अशी माझी कळकळीची विनंती आहे.

घोडी खरी आहे की योझिकचा भास?

मला ती खरी वाटते. टेकाडावरून, धुक्यात शिरण्याआधी, योझिकनं तिला स्पष्ट बघितलंय. पुढे ती कधी जवळून दिसते, कधी विरून जाते, आणि त्यानं हाका मारल्या तरी ओ देत नाही. पण तिला भास ठरवलं तर शेवटी योझिकच्या मनात राहणारी काळजी पोकळ होते. कुणाची तरी काळजी वाटायची तर ते कुणीतरी असायला हवं.

घुबड योझिकला खाणार होतं का?

शक्यता आहे. सुरुवातीला ते दबक्या पावलांनी त्याच्या मागे लागलेलं असतं. पण गंमत बघा, योझिक जे करतो तेच ते करायला लागतं. योझिक विहिरीत तोंड घालून हुंकार देतो, त्याचा प्रतिध्वनी ऐकतो आणि पुढे जातो. मागून घुबड येतं, विहिरीत वाकतं आणि तेही हुंकार देतं. शिकार बाजूलाच राहिली, घुबड खेळात रमलं. नंतर धुक्यात ते एकदम समोर येतं तेव्हा मात्र दचकायला होतं.

धुकं कसं केलं? तेव्हा तर संगणक नव्हता.

हा दुसऱ्या क्रमांकाचा लाडका प्रश्न, आणि याचं उत्तर घरी करून बघता येतं.

एखादं ठळक चित्र टेबलावर ठेवा. त्यावर ट्रेसिंग पेपर किंवा स्वयंपाकघरातला बटर पेपर सपाट टेकवा. चित्र बऱ्यापैकी स्पष्ट दिसेल. आता कागद दोन्ही हातांनी धरून अगदी सावकाश वर, डोळ्यांच्या दिशेनं उचला. बोटभर उंचीवरच कडा विरघळतील, आणखी वर नेला की चित्र पांढऱ्यात बुडून जाईल. कागद पुन्हा खाली आणा, चित्र धुक्यातून बाहेर येईल.

नॉर्श्टेयननी हेच केलं. खूप पातळ कागद चित्रावर ठेवायचा, एक चौकट (फ्रेम) टिपायची, कागद किंचित कॅमेऱ्याकडे उचलायचा, पुन्हा एक चौकट टिपायची. पडद्यावर घोडी विरताना दिसते तेव्हा तिथे कागद वर जात असतो.

याच्या जोडीला होती काचांची मांडणी. कॅमेरा वरून खाली बघतोय आणि त्याच्या खाली काचेचे थर एकाखाली एक, मध्ये अंतर सोडून बसवलेत अशी कल्पना करा. एका काचेवर योझिक, खालच्या काचेवर गवत, त्याखाली झाड. प्रत्येक थर वेगळा सरकवता येतो, वेगळा उजळता येतो. कॅमेऱ्यानं योझिकवर नजर ठेवली की खालचं झाड आपोआप धूसर होतं. हे धूसर होणं रंगवलेलं नाही, खऱ्या अंतरातून आणि खऱ्या भिंगातून आलेलं आहे. आंबोलीच्या घाटात पावसाळ्यात समोरचं झाड दिसतं आणि त्याच्या मागचं गायब असतं, तसंच इथे दिसतं ते त्यामुळे. छायाचित्रकार अलेक्सांद्र झुकोव्स्की यांचा या कामातला वाटा फार मोठा आहे, त्यांचं नाव मात्र क्वचितच घेतलं जातं.

योझिक स्वतः कसा हलतो? तो बाहुला आहे का?

बाहुला नाही, सपाट तुकडे आहेत. डोकं, नाक, पंजे, धड वेगवेगळं रंगवून कापायचं आणि काचेवर जुळवून ठेवायचं. या पद्धतीला रशियनमध्ये ‘पेरेक्लाद्का’ म्हणतात. बहुतेक ठिकाणी असे तुकडे सांध्यांनी जोडतात, नॉर्श्टेयन मात्र ते सुटेच ठेवत आणि चिमट्यानं केसभर सरकवत. सांधा नसल्यामुळे पंजा किती वळावा याला यंत्राची मर्यादा राहत नाही, हालचाल पूर्णपणे हाताच्या जाणिवेवर चालते. रंगवलेले तुकडे सेल्युलॉइडचे (पातळ, पारदर्शक प्लास्टिकचे), एकावर एक अनेक पातळ थर देऊन केलेले, त्यामुळे योझिकची कड कधी करकरीत कापल्यासारखी वाटत नाही. काट्यांच्या टोकांशी तो हवेत मिसळत जातो.

चित्रपटात सेकंदाला 24 चौकटी असतात. दहा मिनिटांच्या 14,400 झाल्या. एक मांडणी दोन चौकटींना वापरली तरी सात हजारांवर वेळा कुणीतरी वाकून त्या तुकड्यांना हात लावणार. हिशेब करून बघितला की योझिकच्या थबकण्याकडे वेगळ्या नजरेनं बघितलं जातं. तो दिसायला नुसता उभा असतो, पण त्याचं नाक हलत असतं, डोळे काहीतरी शोधत असतात.

चित्रपट एकट्या नॉर्श्टेयनचा म्हणायचा का?

अजिबात नाही. योझिकचा चेहरा, सगळी पात्रं, झाडं, धुक्याचे रंग हे फ्रान्चेस्का यार्बुसोव्हा यांचं काम. त्या चित्रकार, नॉर्श्टेयन यांच्या पत्नी, आणि त्यांच्या मोठ्या चित्रपटांच्या कला-दिग्दर्शक. संगीत मिखाइल मेयेरोविच यांचं. योझिकचा आवाज मारिया विनोग्रादोव्हा, अस्वलाच्या पिल्लाचा व्याचेस्लाव्ह नेविन्नी. निवेदन अलेक्सेई बातालोव्ह यांचं, त्या काळचे मोठे चित्रपट अभिनेते. रशियन कळत नसलं तरी हा आवाज ऐकण्यासाठी एकदा डोळे मिटून चित्रपट ऐकावा. लहान मुलाला झोपवताना माणूस जितका हळू बोलेल तितकं हळू ते बोलतात.

नॉर्श्टेयन यांचा जन्म 1941 चा, बालपण मॉस्कोत. सोयूझमुल्तफिल्ममध्ये शिकायला येण्याआधी त्यांनी फर्निचरच्या कारखान्यात सुतारकाम केलं होतं. काचांच्या मांडणीमागचे हात सुतारकामात तयार झालेले होते, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

मूळ गोष्ट आणि चित्रपट यांत फरक आहे का?

आहे. कोझलोव्ह यांची गोष्ट आणखी लहान आहे. तिची सुरुवात तीस डास पळत येऊन आपल्या किनऱ्या आवाजाच्या व्हायोलिन वाजवायला लागतात इथून होते. चित्रपट थेट योझिकच्या रोजच्या सवयीपासून सुरू होतो. गोष्टीत थोडक्यात येणारं धुकं चित्रपटात ऐसपैस पसरलंय.

याला एवढं मोठं का मानतात?

सन्मान सांगायचे तर 1976 मध्ये फ्रुंझेचा अखिल-सोव्हिएत चित्रपट महोत्सव आणि तेहरानचा मुलांच्या व किशोरांच्या चित्रपटांचा महोत्सव या दोन्ही ठिकाणी पारितोषिकं मिळाली. 2003 साली टोकियोच्या लापुटा महोत्सवानं जगभरच्या 140 ॲनिमेशनकारांना त्यांचे आवडते चित्रपट विचारले, तेव्हा पहिला क्रमांक या चित्रपटाचा आला. दुसराही नॉर्श्टेयन यांच्याच ‘गोष्टींची गोष्ट’चा. जपानमध्ये त्यांना मानणारे पुष्कळ, ॲनिमेशनपटांचे दिग्दर्शक हायाओ मियाझाकी त्यांतले एक. 2014 मध्ये सोची ऑलिम्पिकच्या उद्घाटनात रशियन मुळाक्षरांची चित्रफीत दाखवली, त्यात ‘यो’ या अक्षरासाठी योझिकच होता.

माझं कारण साधं आहे. भीती दाखवणारे चित्रपट पुष्कळ, कुतूहल दाखवणारेही पुष्कळ. इथे एकाच पावलात दोन्ही आहेत. योझिक घाबरलेला असतानाच पुढे सरकतो, आणि पुढे सरकताना घाबरलेलाच असतो. लहानपणी अंधाऱ्या जिन्यातून खाली उतरताना हेच तर होत असतं.

किव्हमध्ये योझिकचा पुतळा आहे म्हणतात, खरं का?

खरं. 2009 साली शहराच्या जुन्या भागात, झोलोतोवोरित्स्का आणि रेइतार्स्का रस्त्यांच्या कोपऱ्याजवळ बसवलाय. लाकडी शिल्प, बुंध्यावर बसलेला योझिक, जवळ त्याचं गाठोडं. अंगावरचे काटे स्क्रूंचे आहेत.

मुलं घाबरतील का? किती वर्षांच्या मुलांना दाखवावा?

काही मुलं घाबरतात. वटवाघळांच्या आणि घुबडाच्या वेळी मांडीवर चढणारी पुष्कळ असतात. चार-पाच वर्षांच्या मुलाला शेजारी बसवून दाखवायला हरकत नाही, एकट्याला फोन हातात देऊन मात्र नको. छोट्या पडद्यावर धुकं नुसतं करडं दिसतं, तेव्हा शक्यतो टीव्हीवर, खोलीत अंधार करून लावा. आवाज पुरेसा मोठा ठेवा, कारण पान पडण्याचा आवाजसुद्धा गोष्टीचा भाग आहे.

भाषेचं काय? रशियन कुणालाच येत नाही.

संवाद इतके थोडे आहेत की बघण्याआधी तोंडी सांगून टाकता येतात. चार गोष्टी आधी सांगितल्या तर पुरे: योझिक कुणाकडे आणि कशाला निघालाय, घोडीबद्दल त्याला काय प्रश्न पडलाय, नदीत ‘कुणीतरी’ त्याच्याशी काय बोलतं, आणि मित्र शेवटी काय म्हणतो. मधे थांबवून भाषांतर करू नका, धुक्याची लय तुटते. चित्रपट आंतरजालावर सहज मिळतो. प्रत निवडताना चित्र स्वच्छ असेल अशी निवडा, खराब प्रतीत धुकं आणि डाग यांत फरकच कळत नाही.

आपल्याकडच्या एका पिढीला हे जग तसं अनोळखी नाही. मॉस्कोच्या प्रगती आणि रादुगा प्रकाशनांची मराठी पुस्तकं मुंबईच्या लोकवाङ्मय गृहात मिळायची, आणि समोवार, बर्च, रासबेरी हे शब्द कितीतरी मराठी मुलांना ती वस्तू न बघताच पाठ होते. घरात अशी पुस्तकं वाचलेली आजी किंवा काका असतील तर त्यांना सोबत बसवा, समोवार म्हणजे काय हे ते तुमच्यापेक्षा चांगलं सांगतील.

बघून झाल्यावर मुलांना काय समजावून सांगावं?

काहीही नाही. धुकं म्हणजे आयुष्य, नदी म्हणजे काळ, घोडी म्हणजे आत्मा असल्या किल्ल्या मोठ्यांच्या खिशात असतात. त्यांनी कुलूप उघडत नाही, उलट मूल गप्प होतं. विचारायचंच असेल तर ‘घोडी आता काय करत असेल?’ असं विचारा. त्यावर बोलणं चालू झालं की तुम्ही फक्त ऐका.

नॉर्श्टेयन यांचे आणखी कुठले चित्रपट बघावेत?

‘कोल्हीण आणि ससा’ (1973) मुलांना लगेच आवडतो. ‘बगळा आणि क्रौंच’ (1974) एकमेकांना लग्नाची मागणी घालून पुन्हा पुन्हा नकार देणाऱ्या दोन पक्ष्यांचा, मोठ्यांना जास्त कळणारा. ‘गोष्टींची गोष्ट’ (1979) अर्ध्या तासाचा, युद्धाच्या आणि बालपणाच्या आठवणींनी भरलेला, तो सावकाश दोनदा बघावा. 1981 पासून ते रशियन लेखक गोगोलच्या ‘ओव्हरकोट’ या कथेवरच्या चित्रपटावर काम करत राहिले. कामाचा वेग कमी म्हणून 1980 च्या दशकात त्यांना स्टुडिओ सोडावा लागला. योझिकचं नाक कसं हलतं हे ज्यानं निरखलंय, त्याला तो वेग का कमी होता हे वेगळं सांगावं लागणार नाही.

दुसऱ्यांदा बघताना कशाकडे लक्ष द्यावं?

गाठोड्याकडे. योझिकनं ते कधी घट्ट धरलंय, कधी खाली ठेवलंय, कधी विसरलाय, हे बघत गेलात तर त्याच्या मनात काय चाललंय ते संवादाशिवाय कळतं. मोठं झाड समोर आलं की योझिक त्याच्या काठीनं आधी काय करतो तेही बघा. आणि शेवटच्या प्रसंगात, अस्वलाचं पिल्लू बोलत असताना, बोलणाऱ्याकडे बघू नका, योझिकच्या डोळ्यांकडे बघा.